साडेचार

शिकलगारांची आफरीन पहिल्यांदा आली तेव्हा
हातात पत्र्याची चकती होती, जेवणाच्या ताटाएवढी.
म्हणाली, आण्णा, हिला बारा चिरा पाडून द्या,
केसाएवढ्या. सगळ्या सारख्या नकोत.
उद्यमनगरात पस्तीस वर्षं लेथ चालवतोय मी,
सारखं नको म्हणणारं गिऱ्हाईक हे पहिलंच.

कपिलतीर्थाजवळ तिचा आजा सुऱ्यांना धार लावायचा.
ही उजेडाला लावते म्हणे.
सिनेमा काढते, पण त्यात हिरो नाही, मारामारी नाही,
गाणं तर नाहीच.
सुताराच्या रमज्यानं विचारलं, मग बघायचं काय गं?
ती म्हणाली, तुम्ही कसं बघताय ते.
रमज्या दिवसभर एकेक डोळा मिटून फिरला.

चकती फिरवली, मागं बल्ब लावला,
आणि चालू लेथवरचा जॉब जागच्या जागी उभा राहिला.
कचकन पुढं सरला. पुन्हा उभा.
गरगर फिरणारं लोखंड
रंकाळ्यात बसलेल्या म्हशीसारखं निवांत.
माझा हात आपसूक पुढं गेला.
तिनं मनगट धरलं.
"एकदा लावलाय न्हवं?" म्हणाली.

लावला होता. अठ्ठ्याण्णव साली, दिवाळीच्या तोंडावर,
ऑर्डर घाईची.
डावी करंगळी, दुसऱ्या पेरापासून.
तेव्हापासून त्या हाताला बोटं साडेचार.

मग तिनं कॅमेरा कॉम्प्युटरला जोडला.
दिसेल त्याला नाव ठेवणारी कसली तरी अक्कल होती त्यात.
हिरवी चौकट यायची, वर नाव.
तेलाचा डबा: बादली.
लोखंडाचा कीस: केस, बाईचे.
रमज्या: खुर्ची.
तो बसलाच होता तसा.
माझा डावा हात धरला.
हात, म्हणालं. बोटं पाच.

पुन्हा धरला. पाच.
उलटा धरला, ग्रीस फासून धरला,
पाच.
करंगळी जिथं संपते तिथून पुढं, मोकळ्या हवेत,
हिरवी रेघ बरोबर टोकापर्यंत जायची,
नखाला वळसा घालून परत यायची.
"चुकतंय," मी म्हणालो, "दुरुस्त कर की त्याला."
ती बराच वेळ काही बोलली नाही.
मग हळूच, "थंडीत खाजतं का तिथं?"

सत्तावीस वर्षं हे मी कुणाला सांगितलं नव्हतं.
हौसालासुद्धा.

सिनेमा अकरा मिनिटांचा झाला. नुसता हात.
सुट्टीच्या दिवशी दुकानाचं शटर आतून ओढलं,
त्याच्यावरच दाखवला.
पट्ट्यापट्ट्यांवर बोटं तुटायची, जुळायची.
बारा-पंधरा माणसं, कागदात भेळ.
भारी हाय, म्हणाले, पण कळलं न्हाई.

हौसा तेवढी उठून पुढं गेली.
पदर खोचला, वाकली,
आणि जिथं काही नव्हतं, नुसती रेघ होती,
तिथं आपली करंगळी टेकवली.
माझा हात तिच्या हातावर पडला.
मागून कुणीतरी ओरडलं, वहिनी, आडवं येतंय!
ती हलली नाही.
"गार हाय हो हे," म्हणाली.

चकतीचे पैसे अजून यायचेत.
आफरीन दोनदा येऊन चहा पिऊन गेली, मी विषय काढला नाही.
थंडी सरू दे,
मग बघू.