आतलं खातं

मंत्री बदलला की आधी कुलूप बदलायचं.
खुर्ची नंतर, तसबीर नंतर.
सकाळी सातला शिपाई ला पाझचा उतार उतरून
दुकानाशी येई, वाफाळत्या तोंडानं म्हणे,
"सातुर्निनो, हत्यारं घे. नवा आलाय."

डब्यात अशी एकतीस जुनी कुलपं आहेत.
बापानं काढलेली बारा, बाकीची माझी.
हे कर्नलचं : तो रात्री स्वतःलाच कोंडून घ्यायचा.
हे वकिलाचं. त्याच्या खणात संत्र्याच्या साली निघाल्या
आणि संपवाल्या खाणकामगारांची यादी,
सालींच्या वासाची.
हे नऊ दिवसांचं. तेल मुरायच्या आत
शिपाई पुन्हा दारात.

ते दार खेचरांवरून वर चढलं, बाप सांगायचा.
दोन फळ्या, दोन खेचरं,
एक वाटेत मेलं, तर त्याची फळी माणसांनी वाहिली.
तेव्हा त्या खोलीत तारा यायच्या,
जनगणनेचे गठ्ठे, तुरुंगातल्या बटाट्यांचा हिशेब,
कुठल्या संताची मिरवणूक कुठल्या चौकातून न्यायची
त्याचा परवाना.
देशाचं घर राखायचं, काम इतकंच.
पण राखणाऱ्याला हळूहळू खोड लागते
घरातलीच माणसं मोजायची.

पाटीवर लिहिलेलं : अंतर्गत व्यवहार मंत्रालय.
आमच्या गल्लीत एवढं लांब कोण म्हणणार?
आतलं खातं.
"तेओफिलो दिसला नाही हल्ली?"
"आत आहे."
एवढ्यावर बोलणं थांबे.
बायका पिशवी या हातातून त्या हातात घेत.

त्याच वर्षी तळघराच्या दाराला कुलूप मागितलं.
फक्त बाहेरून उघडेल असं.
मी बसवलं.
पैसे घेतले, पावती दिली.
आतल्या बाजूचं किल्लीचं भोक
शिसं ओतून बुजवलं.

बापाची शिकवण : किल्ल्या तीन कराव्यात, दोन द्याव्यात.
तिसरी चुलीमागच्या खिळ्याला अकरा वर्षं टांगलेली होती.
रोज सकाळी तिच्याखाली मी जांभळ्या मक्याची पेज गरम केली,
फुंकर मारत प्यालो,
खिडकीतून इलिमानीचा बर्फ पाहिला.
किल्लीवर काजळी चढत गेली.
पुसली नाही.

तेओफिलो छापखान्यात खिळे जुळवायचा.
उलटं वाचायची सवय. माझ्या दुकानाची पाटी
शेवटाकडून मोठ्यानं वाचायचा, पोरं हसायची.

मग वारं फिरलं. खात्यावर एक बाई आली,
गोल टोपी, पाठीवर दोन वेण्या.
शिपाई आला. मी हत्यारं उचलली.
"कुलूप राहू दे," तो म्हणाला.
"तळघर उघडायचंय. किल्ली कुणाकडेच नाही."

मी खिशातून काढली तेव्हा बाईनं आधी किल्लीकडे पाहिलं,
मग माझ्याकडे.
विचारलं काहीच नाही.
विचारायला हवं होतं.
पहिल्याच वळशाला फिरली. माझं काम चांगलंच असतं.

दार मागे ओढलं तर त्या शिशावर अक्षरं,
नखानं कोरलेली, तीन ओळी,
सगळी उलटी.
"आरसा आणा कुणीतरी," मागून आवाज आला.
मी थांबलो नाही.

संध्याकाळी चढ चढून पास्कुआलाकडे गेलो,
तेओफिलोच्या बायकोकडे.
किल्ली तिच्या ओट्यावर ठेवली.
ती बटाटे सोलत होती. सालं लांब, न तुटता उतरत होती.
"मला काय करायचीय?" म्हणाली.
"माझ्या दाराला नुसती कडी आहे. वाजवली की उघडते.
अकरा वर्षांत तू वाजवली नाहीस."

परवा शिपाई पुन्हा आलेला. नवा मंत्री.
जुनं काढलं, नवं बसवलं, दोन किल्ल्या दिल्या.
तिसरी आता खिळ्याला नसते.
खिशात असते, त्या जुनीशेजारी.
चढ चढताना
दोन्ही मांडीला लागतात.