हे म्हणणे खरे नाही की

दर्यापूरच्या कोर्टात मी टायपिस्ट.
साहेबांच्या डाव्या हाताला, बरोबर पंख्याखाली बसते,
म्हणून माझ्या टेबलावर सगळ्यात जास्त पेपरवेट.
दिवसभर मी 'मी' टाइप करते.
मी मारले नाही. मी जखमा तपासल्या.
मी पंच म्हणून हजर होतो.
संध्याकाळपर्यंत त्यातला एकही मी माझा नसतो.

पिंजऱ्यात प्रणाली खोडके, वय सव्वीस.
धंदा?
तिनं विचारलं, "काय सांगू?"
मी घरकाम टाकलं.
"थो मले उपाशी ठेवे साहेब.
म्हणे, बापाच्या घरून थ्रेशरचे पैसे आन,
मंग ताटावर बस."
साहेब थोडं थांबले, मग मला सांगितलं ते असं:
आरोपी क्रमांक एक याने पैशाच्या मागणीकरिता
माझा शारीरिक व मानसिक छळ केला.
वाक्य बरोबर होतं.
फक्त त्यातलं ताट गेलं.

बचावाचे वकील उठले. तारीख?
"महालक्ष्म्या उठल्या, त्याच्या दुसऱ्या दिवशी."
सण नाही बाई, तारीख.
"तुरी सोंगल्या तवा एकदा.
मोठ्या जावेच्या पोट्टीचं बारसं होतं, तवा..."
मला मारहाणीची तारीख सांगता येणार नाही.
उपाशी ठेवल्याचं पोलिसांना सांगितलं होतं?
"सांगतलं होतं न जमादाराले."
मग जबाबात का नाही?
ती माझ्या की-बोर्डकडे पाहत राहिली.
त्याचे कारण मला सांगता येणार नाही.
(जमादाराच्या हातूनही ताट असंच गेलं असेल,
चहा घेता घेता.)
हे म्हणणे खरे नाही की, मी खोटी साक्ष देत आहे.

वाचून दाखवल्यावर म्हणाली, "बरोबर हाये."
मग हळूच, "पन जेवनाचं नाही आलं."
मी साहेबांकडे पाहिलं.
साहेब पुढची फाइल सोडत होते.

डॉक्टरांच्या चिठ्ठीत पायरीवरून पडल्याने.
सासू सोबत आत होती, ते चिठ्ठीत नाही.

पुढच्या तारखेला शेजारीण, बेबी गुल्हाने.
दोन्ही घरांत भिंत एकच,
तिला एक भोक, मिठाची वाटी जाईल एवढं.
"आमच्या घरी टीव्ही चालू राहे," ती म्हणाली.
तीनदा तेच म्हणाली.
सरकारी वकिलांनी तिला फितूर जाहीर करून घेतलं.
जाताना बाकाखाली प्रणालीची बाटली आडवी पडली होती,
ती बेबीनं उभी करून ठेवली,
तिच्याकडे न बघता.
हे कुठल्या रकान्यात लिहितात, मला माहीत नाही.
सतरा वर्षं झाली नोकरीला.

मग आई. पंचफुलाबाई. सही येत नाही.
पिशवीतून तिनं कॅलेंडर काढलं,
कृषी केंद्रानं फुकट वाटलेलं, वर हसणारा कापूस.
फुल्या दुधाच्या, खाड्याच्या.
आणि गोल?
"पोरगी घरी आली थ्या दिवसाचे."
नऊ गोल.
एक इतका गिरवलेला की कागद फाटला,
महालक्ष्म्या उठल्या त्याच्या दुसऱ्या दिवशीचा.
वकील म्हणाले, गॅसच्या टाकीचेही असू शकतात हे गोल?
"तवा आमच्या घरी गॅस नोहता."
कोणी हसलं नाही.
साहेबांनी चष्मा पुसला, पुन्हा लावला.
हे म्हणणे खरे नाही की, सदर गोल मी
खटल्याकरिता मागाहून काढलेले आहेत.

निशाणी एकतीस.
शिक्का कापसाच्या बोंडावर बसला.
अंगठा उठवून झाल्यावर पंचफुलाबाईनं शाईचा हात
कॅलेंडरपासून लांब धरला, डाग पडू नये म्हणून.
पट्टेवाल्यानं पुढली तारीख ओरडून सांगितली.
ती माझ्याजवळ आली.
"बाई, हे वापस कधी भेटन?
दूधवाल्याचा हिसाब बाकी हाये त्यात."