सगळ्यांत मागे

सकाळचे सहा. अशोकस्तंभापाशी हेमल गायधनी
हेल्मेटचे बंद ओढून बघतो, नावं विचारतो,
सांगतो, घाई कुणालाच नाही,
आज सगळा उतारच आहे.
थाप मारतो. नाशिक नऊ टेकांवर वसलंय,
हे वाचलेलं असतं सगळ्यांनी,
पोटऱ्यांना कळतं ते जुन्या गावातल्या पहिल्या चढावर.

माझं काम मागे राहायचं.
पंप, पाने, सोल्यूशनची चेपलेली नळी,
कुणी थांबलं तर त्याच्यासोबत थांबणं.
पगार नाही. चहा, आणि शेवटी मिसळ.
पुढून इतिहास येतो तुटक तुटक:
पेशव्यांच्या काळात... (रिक्षाचा हॉर्न)
...तो दगड बघा, त्यावरची... (कुणाच्या तरी कुकरची शिट्टी)
मला तो असाच बरा वाटतो, भोकं पडलेला.

माझ्या पुढे हारादा. कानाझावाचे, वय एकाहत्तर.
मुलगा अंबडच्या कारखान्यात यंत्रं बसवतो,
बाप दिवसभर फ्लॅटमध्ये कंटाळतो, म्हणून हे.
गाय आडवी बसली की उतरतात,
तिला मान लववून वळसा घालतात.
गाय रवंथ करते. तिला सवय आहे नमस्काराची.

तांबट आळीत त्यांचं मागचं चाक बसलं.
चिंतामण तांबट ओट्यावर घंगाळ ठोकत होते,
ठोका, ठोका, मग अर्धा श्वास, मग ठोका.
हारादा चाक विसरून डोळे मिटून उभे.
हेमल घड्याळ बघायला लागला, आणि मग तोही नाही.
बऱ्याच वेळानं मोबाइलमधली बाई त्यांच्या वतीनं बोलली:
आमच्या गावी सोनं ठोकतात,
इतकं पातळ, की शिंकलं तर उडतं.
चिंतामण हातोडी न थांबवता म्हणाले,
आमचं पडलं तर पाय मोडतो म्हणावं.
हे त्या बाईला काही सांगता आलं नाही.
पण हारादा हसले, आधीच.

नव्या घंगाळात पाणी ओतून दिलं त्यांनी.
मी ट्यूब बुडवली.
बुडबुडे आले, बारीक, रांगेनं,
भोक आपली जागा स्वतःच सांगतं,
फक्त पाण्यात धरावं लागतं, असं बाप म्हणायचा.
बापाचं दुकान खाली, भांडीबाजाराच्या तोंडाशी,
बारा सायकली, तासाला चार आणे,
नाव-पत्ता पाटीवर, खडूनं.

गोदेवर उतरलो. ब्रेकांचा एकत्र चीत्कार.
हेमल दुतोंड्या मारुतीपाशी थांबतो,
हात आधी गुडघ्याशी नेतो, मग कमरेशी, मग गळ्याशी:
शहराची ही मोजपट्टी,
एकोणसत्तरला तर पार डोक्यावरून.
सगळे वर बघतात. हारादा मात्र माझ्याकडे.
कुणी सांगितलं नव्हतं त्यांना.

आम्ही पूर मोजला तो सायकलींवर.
चिखल ओसरल्यावर बाप आणि मी, सात वर्षांचा,
एक बोहारपट्टीच्या कोपऱ्यात, दोन पुलाच्या कमानीला अडकलेल्या,
एकीच्या आऱ्यांत साडी, एकीच्या घंटीत शेवाळ.
अकरा मिळाल्या.
पाटीवरचा खडू तर धुऊनच गेला,
म्हणजे बारावी कुणाकडे होती तेही.
बाप पुढे कित्येक वर्षं
रस्त्यातल्या हिरव्या सायकलींकडे वळून बघायचा,
रंग बदलला असेल, हे माहीत असून.

यातलं मी काही बोललो नाही.
मोबाइल त्यांच्या खिशात होता, शब्द माझ्याकडे नव्हते.
मी त्यांच्या चाकात आणखी थोडी हवा भरली,
गरज नसताना.
त्यांनी बोटानं टायर दाबून बघितला
आणि गाईला लववली तशी मान लववली.

पंचवटीकडे निघण्याआधी हेमल मोजतो,
बोट हवेत फिरवत, ओठांत पुटपुटत:
अकरा. चला, सगळे आले.
मला धरायचं त्याच्या लक्षात राहत नाही कधी.
मी घंटी वाजवतो, एकदाच,
आणि उन्हात पॅडलवर पाय ठेवतो.