एक जानेवारी, दोन हजार दोन

जिनिंगच्या काट्याच्या खोलीतून
कोहपरेंनी तो पोत्यात घालून आणला,
भंगारवाल्याच्या हातातून, किलोच्या भावानं.
पंख्यात रुई. इतकी, की वात वळली असती.

ब्रशनं झाडला, टॉर्च धरला.
चार कपॅसिटर डोकी फुगवून बसलेले.
ते उपसले. बंद पडलेल्या डीव्हीडीतले बसवले,
मायनसची पट्टी दोनदा पाहून.
रॅमच्या सोनेरी कडा
पुतणीच्या खोडरबरानं घासल्या.
(खोडरबर काळं झालं म्हणून ती अजून रुसलेली.)

पहिल्यांदा करंट दिला, तर बोलला :
एक लांब, दोन आखूड.
मला वाटलं, गेला.
तो तर सांगत होता, मला दिसत नाही.
कार्ड काढून सरळ बसवलं. पडदा उजळला,
आणि पासवर्ड मागू लागला.

कोहपरे म्हणाले, मीच टाकला होता,
आता मलेच आठवत नाही.
तीन पिना असतात. त्यावरची इवली टोपी
एक घर सरकवायची, दहा मोजायचे, परत आणायची.
इतकंच. सगळं विसरला.
कोहपरे जरा वेळ पडद्याकडे बघत राहिले.
"बैलाचं नाव असन एखाद्या," म्हणाले.

एक मात्र विसरत नाही :
कोपऱ्यातली बत्तीस पायांची चौकोनी चिप.
वर्षानुवर्षं पोत्यात, अंधारात पडूनही
तिला पाठ, उठल्याउठल्या काय करायचं.
आधी रॅम मोज. कीबोर्ड आहे का बघ.
मग डिस्क शोध, आणि तिच्या हाती दे सगळं.
कुणी, कुठल्या गावी बसून लिहिलं असेल हे?
त्याला आर्वीचा रस्ताही माहीत नसेल.

आता तो दूध केंद्रात असतो, फॅटच्या मशीनशेजारी.
लाइन रात्री गेली होती. सेल मेलेला,
आणि मी तारीख बघायची विसरले.
सकाळी शेवंताबाई उईके चिठ्ठी घेऊन परत आल्या,
नातवाकडून वाचून घेतलेली.
"या तारखेले तं माही गाय जन्मालेच आली नव्हती,
अन् दूध कोणं देल्लं?"

आर्वीहून नवा सेल आणला, रुपयाएवढा.
घड्याळ लावलं. नवी चिठ्ठी काढून दिली.
जुनी मागितली तर पदराच्या गाठीत गेलेली.
"राहू दे," म्हणाल्या,
"फॅट चार पॉइंट सहा.
ते तं बरोबर हाय ना?"