धूपछाव

रात्रीचे अडीच. तांडापेठेत कूलर नुसताच घरघरतो,
पाणी संपलंय, खस कोरडी पडलीय,
आणि माझ्या पडद्यावर एक राणी
आठवडाभर सहाव्या पायरीवर उभी आहे
कारण तिचं लुगडं प्लॅस्टिकचं दिसतं.

चेहरा जमलाय. कानाच्या पाळीतून
मशालीचा उजेड लालसर पाझरतो,
त्या पाळीला मी दोन महिने दिले.
भिंतीवर आपटून परतलेले किरण
तिच्या कोपराखाली विटकरी ऊब ठेवतात.
पण पदर?
पदर धुतलेल्या बादलीसारखा चकाकतो.
खरखरीतपणाचा आकडा वाढवते.
आता ती गोणपाट नेसलीय.

बाबा लघवीला उठतात,
परतताना माझ्या खुर्चीमागे थांबतात.
जिथे त्यांच्या मागाचा खड्डा होता
तिथे आता सिमेंट आहे, सिमेंटवर माझं टेबल.
"काय करून राहिली वं रातभर?"
रेशीम, मी म्हणते. रेशीम होत नाहीये.

ते इतके जवळ येतात
की चष्म्याच्या दोन्ही काचांत एकेक राणी उभी राहते.
"ताणा कोणता याचा?"
ताणा नाहीये, बाबा. नुसता रंग आहे.
"मंग? धागाच नाही तं चमकीन कसं?"

ट्रंकेतून एक चिंधी येते. डांबरगोळ्यांचा वास.
ताणा हिरवा, बाणा जांभळा.
माझ्या मोबाइलच्या टॉर्चसमोर ते ती तिरपी करतात, अजून तिरपी,
आणि हिरवं निघून जातं.
"पाह्यलं? उजेड धाग्यावरून घसरते.
कपड्यावर नाही पडत तो."

एका लुगड्याला त्यांना नऊ दिवस लागत.
मला अख्ख्या राजवाड्यासाठी सोळा मिलिसेकंद मिळतात,
त्यात रेशमाच्या वाट्याला जेमतेम एक.
तेवढ्यात बसवायचं.
मी दोन दिशा लिहिते, दोन वेगळ्या झळाळ्या,
एकीला नाव देते ताणा, दुसरीला बाणा.
सोमवारी पोलंडहून मारेक विचारेल, हे काय?
विचारू दे.

चार वाजता राणी सातव्या पायरीवर उतरते.
गुडघ्यापाशी हिरवी, वळताना जांभळी,
मशाल हलली की मधलाच एक रंग
ज्याचा आकडा मी कुठेच लिहिलेला नाही.

बाबा बराच वेळ बघतात. जीभ टाळूला लावतात.
"काठ बरोबर नाही. पण चालीन.
आता बसव तिले. बसल्यावर चुण्या कशा पडते पाहू."

ती बसत नाही, बाबा.
या खेळात तिला बसायचंच नाहीये.
जिना उतरते, दार उघडते, संपलं.

"मंग एवढं विणलं कशाले?"

आणि बादली उचलून
कूलरमध्ये पाणी टाकायला जातात.