पुरवणी यादी

पोटनिवडणूक म्हणजे काय, बाई?
सातवीतल्या दुर्वेशनं विचारलं.
मी म्हटलं, पोटभाडेकरू असतो ना, तसं.
दुसऱ्याची उरलेली मुदत. इथं एकोणीस महिने.
तो म्हणाला, आमच्या घराला सिडकोवाले
गरजेपोटी बांधलेलं म्हणतात, तेही तसंच का?
मी घंटेची वाट पाहिली.

घणसोलीत गेल्या वेळी नऊ मतांनी लागला निकाल.
तीनदा मोजले आकडे,
तिसऱ्यांदा मोजणारा झोपेतच बोलत होता.
त्या नवातले आपण, असं सांगणारे
मला आत्तापर्यंत त्रेसष्ट भेटले.
माथाडी वसाहतीतले जगदाळे तुर्भ्याहून
अर्धी गाडी भरायची टाकून आले होते म्हणे.
सेक्टर नऊमधली एक बाळंतीण,
सहा दिवसांचं मूल नणंदेच्या हातात देऊन.
मी त्यांत नाही.
मी दिघ्याच्या केंद्रावर ड्युटीला होते,
माझी टपाली मतपत्रिका आली
निकालानंतर चौथ्या दिवशी.
कपाटात आहे अजून, साड्यांच्या खाली, कोरी.

कमळाकर काथोर पाटील गेले
तेव्हा पुढच्या बांबूला हरेश्वर मढवी होते,
नऊ मतांनी पडलेले.
खाडीकडच्या रस्त्यानं तिरडी निघाली
आणि मागची गर्दी डोकी मोजत होती.
मी तरी मोजली.

आता मढवी पुन्हा उभे, समोर पाटलांचा पुतण्या.
गावठाणातल्या बोळात रातोरात डांबर पडलं,
गटाराच्या झाकणांसकट.
झाकणं शोधायला परवा पहार आणावी लागली.

मी दारोदार चिठ्ठ्या वाटते.
कोण भाड्यानं गेलं, कोण सासरी, कोण वर,
हे मला या वॉर्डात कुठल्याही उमेदवाराआधी कळतं.
भाग एक्केचाळीस, अनुक्रमांक सहाशे बारा:
पाटील कमळाकर काथोर, पुरुष, वय एकसष्ट.
ज्यांच्या मरणानं ही निवडणूक लागली
त्यांचं नाव जिवंत यादीत.
मंत्रालयाला कळलं, यादीला कळलं नाही.
पुरवणी आली, तीत नवे चोवीस, वगळलेले अकरा.
अकरांत ते नाहीत.

नमुना सात घेऊन मी गुणाबाईंकडे गेले.
ओटीवर सुकट निवडत होत्या.
इथं अंगठा चालेल, मी म्हटलं, पुढच्या यादीसाठी.
त्यांनी कागद उलटा धरून बघितला, मग सुलटा.
"तो गेला म्हनून तर तू आलीस ना दारान?
राहूं दे गो नाव.
कुनाचे आड येतंय?"
नियमानं माझ्या आड येत होतं.
मी सुकटीतला एक खडा काढून बाजूला ठेवला
आणि उठले.

मतदानाच्या दिवशी सहावी ब चा वर्ग.
एजंट पट्टी ठेवून एकेक ओळ मारत होते.
सहाशे तेरा, गुणाबाई, साडेनवालाच आल्या.
बोटावर मार्कर ओढताना म्हणाल्या,
वास येतो याला, जेवताना.
कुणाला दिलं ते चेहऱ्यावर नव्हतं.
पुतण्यानं वाकून नमस्कार केला
तेव्हाही नव्हतं.

संध्याकाळी पाच वाजता
सहाशे बाराच्या वर रेघ, खाली रेघ.
रोजावर आणलेला एक पोरगा एजंट ओरडला,
हे पाटील राहिलेत, फोन लावा कुणीतरी,
गाडी पाठवा!
पुतण्याची माणसं पाण्याच्या बाटलीचं झाकण
उगाच फिरवत बसली.
फेरीवर आलेले मढवी दारातच उभे होते.
ते येत नाहीत, म्हणाले.
आणि चष्मा काढून पुसू लागले,
बराच वेळ, दोन्ही बाजूंनी.

मोजणी उद्या दहाला.
मशीनला लाख लागली, मी सह्या केल्या,
नमुना सात पिशवीतच आहे, बिनअंगठ्याचा.
दुर्वेशला निरोप दिलाय,
फळ्यावरचा केंद्र क्रमांक पुसू नका,
वरून सांगेपर्यंत.