खिळा

एतेरी म्हणाली, काजळी अशी गोल नसते.
ती कलते.
खिडकीला काच नव्हती, प्लास्टिक होतं,
खालच्या कोपऱ्यात फाटलेलं,
म्हणजे धूर दाराकडेच सरकणार.
शिडीवर मी, हातात स्पंज,
डबीत सरस आणि कोळशाची पूड.
पुसलं. पुन्हा लावलं.

तिबिलिसीच्या टोकाला रेशमाची बंद गिरणी,
तिच्यात आमचं स्वयंपाकघर, तीन भिंतींचं.
चौथी चाकांवर,
कॅमेऱ्याला वाट हवी की दोघांनी ढकलायची.
आत जानेवारी, साल चौऱ्याण्णव.
बाहेर जून. वाझा सुतार नुसत्या बनियनवर
नळाला मेणाचा बर्फ चिकटवतोय.

दिग्दर्शक पोरगेला, तेव्हा जन्मलाही नव्हता.
विचारतो, टेबलावर इस्त्री उलटी का?
वीज तासभर यायची, गॅस यायचाच नाही.
अंडं तळायचं तिच्यावर.
तो हसतो. मग हसत नाही.

कपाटाचे खण मात्र रिकामे.
जे कुणी उघडणार नाही
त्यात एक सुईसुद्धा टाकायची नाही,
असा एतेरीचा कायदा.
निर्मात्याचा माणूस तिच्यावर खूश असतो.

सोमवारी तालीम. शेजारीण म्हणून लामारा,
सत्तरीची, लोकरी कोटात घामाघूम.
एकच वाक्य तिला: वीज आली का तुमच्याकडे?
दारातून आत आली, कोट उतरवला
आणि वाक्याच्या आधी, न बघताच,
हात मागे नेऊन दारामागे टांगला.
कोट खाली पडला.
तिथे काहीच नव्हतं.
सगळे हसले, लामाराही.
आमच्याकडे असायचा, म्हणाली. सुखुमीला.

एतेरीने वाझाची हातोडी मागितली.
भंगारातल्या फळीतून एक वाकडा खिळा उपसला,
लामाराचा हात उचलून उंची धरली
आणि स्वतः ठोकला.
अंगठ्यावर बसला एक घाव.
शिवी हासडली ती मेग्रेलियनमध्ये.
सहा वर्षं तिच्या हाताखाली आहे मी,
ती भाषा तिच्या तोंडून कधी ऐकली नव्हती.

दुसऱ्या टेकला कोट राहिला जागेवर.

दार कॅमेऱ्याला पुढूनच दिसतं, खिळा कुठेच नाही.
काजळीही फ्रेमच्या वर राहून गेली,
माझे चार दिवस.
पडद्यावर ते घर अकरा सेकंद आहे.
मी मोजलेत.

ऑगस्टात सेट मोडला. भिंती ट्रकवर चढल्या.
दार हिरवं होणार होतं,
दुसऱ्या सिनेमात, कुठल्याशा हॉटेलच्या खोलीला.
नवा पोरगा पक्कड घेऊन उभा.
हा काढू का?

एतेरी नळावरचं मेण खरवडून डब्यात भरत होती,
पुढच्या हिवाळ्यासाठी.
मान वर न करता म्हणाली,
रंग मार वरून.